मेंढरांची भिंत पुसली, चित्रांचा वर्ग बंद केला: जेलच्या मोठ्या साहेबांना खुलं पत्र

मा. साहेब,
स. न. वि. वि.

मी तुमच्या खात्याचा जुना बंदी. ५ वर्षं ९ महिने आत काढले, २०१३ ते २०१९. कलम ३०४ भाग २, सदोष मनुष्यवध. मी निर्दोष होतो, मला अडकवलं, असलं काही मी म्हणणार नाही. माझ्या हातून माझा चुलतभाऊ गेला, बांधाच्या भांडणात, खोऱ्याचा दांडा माझ्याच हातात होता आणि कोर्टाने जे दिलं ते मी भोगलं. हे आधीच लिहून टाकतो, कारण पुढचं वाचताना कोणाला असं वाटायला नको की हा माणूस आपला गुन्हा झाकून रंगांच्या गप्पा मारतोय.

जेलचं नाव मुद्दाम लिहीत नाही. आत अजून माझ्या ओळखीची माणसं आहेत, आणि नाव छापलं की चौकशी वरून खाली सरकत येते आणि सगळ्यात खाली जो असतो त्याच्या अंगावर पडते, हे मी डोळ्याने बघितलंय. तुम्हाला कळेल कुठलं जेल ते, माझे दोन अर्ज तुमच्या ऑफिसात पडून आहेत, आवक नंबर माझ्याकडे आहेत.

झालं ते असं. दर वर्षी दोनदा, एकदा शाळा सुरू होतात तेव्हा आणि एकदा दिवाळीच्या आधी, मी आतल्या चित्रकलेच्या वर्गासाठी रंग, ब्रश आणि कागद घेऊन गेटवर जातो, नोंद करतो, पावती घेतो आणि परत येतो. यंदा जूनमध्ये गेटवर डबा घेतला नाही. वर्ग बंद झाला म्हणाले, वरून लेटर आलंय. लेटर बघायला मिळालं नाही पण तोंडी कारण सांगितलं ते असं, की माणसं कमी आहेत, सुरक्षेचा प्रश्न आहे आणि करमणुकीचे कार्यक्रम तूर्त थांबवलेत. मी परत निघालो तर मुलाकातीला आलेल्या एक बाई रस्त्यावर भेटल्या, ओळखलं त्यांनी मला, आणि म्हणाल्या, दादा ती मेंढरांची भिंत पण पुसली बघा, तपासणी होती म्हणून सगळीकडे क्रीम कलर मारला.

त्या भिंतीबद्दल आधी सांगतो, कारण तुम्ही ती कदाचित बघितलीच नसेल.

२०१७ ला आम्ही अकरा जणांनी मिळून मुलाकातीच्या खोलीबाहेर, जिथे पोराबाळांना घेऊन बायका ताटकळत बसतात, तिथली लांब भिंत रंगवली. मी माणदेशातला, म्हणून माळ माझ्याकडे आला. माळ, बाभळी, लांब दिसणारा डोंगर, धनगराचा तळ आणि चालत निघालेली मेंढरं. सत्तावीस पांढरी आणि एक काळी शेळी. माझी मुलगी तेव्हा आठ वर्षांची. मुलाकात वीस मिनिटांची असते साहेब, आणि चार वर्षांची असताना जिचा बाप जेलात गेला त्या पोरीला वीस मिनिटं बापाशी काय बोलायचं हे सुचत नाही. ती माझ्याकडे न बघता आईच्या पदराशी खेळत बसायची. भिंत झाल्यावर ती आत आली की पहिलं म्हणायची, पप्पा आज पण सत्तावीसच आहेत. मग मी म्हणायचो, नीट मोज, एक झाडामागे आहे. पुढच्या महिन्यात येऊन सांगायची की झाडामागे कुणी नाही, तुम्ही फसवता. आमचं बोलणं इथून सुरू झालं. आज ती अकरावीला आहे, इंटरमिजिएट ड्रॉइंगला बी ग्रेड मिळाली तिला, आणि भिंत पुसल्याचं मी अजून तिला सांगितलेलं नाही.

भिंत तुमची आहे, मान्य. रंग मारायचा हक्क पण तुमचा. पण पुसायच्या आधी ज्यांनी काढली त्यांच्यातले चौघं अजून आत आहेत, त्यांना एका शब्दाने सांगता आलं असतं, एक फोटो काढून ठेवता आला असता.

आता वर्गाबद्दल.

वर्ग दर गुरुवारी दुपारी दोन ते चार. शिकवायला येणारे गुरुजी हायस्कूलचे रिटायर्ड ड्रॉइंग टीचर, एसटीने यायचे, स्टँडवरून चालत यायचे, एक रुपया घेतला नाही कधी. मी २०१५ ला त्या वर्गात गेलो ते चित्र काढायला नाही, बराकीतून दोन तास सुटका होते म्हणून गेलो. खरं तेच सांगतो. शाळेत असताना माझी ड्रॉइंगची वही कोरीच असायची. पहिल्या दिवशी गुरुजींनी एक जर्मनचा तांब्या ठेवला आणि म्हणाले, तुम्हाला माहितीये तसा नका काढू, दिसतोय तसा काढा. मी काढला तो देवळातल्या कलशासारखा आला. गुरुजी माझ्या शेजारी मांडी घालून बसले आणि म्हणाले, तुम्ही तांब्याकडे किती वेळा बघितलंत? मी म्हटलं, एकदा. तर म्हणाले, मग हा तांब्या तुमच्या डोक्यातला आहे, समोरचा नाही.

ते वाक्य माझ्या मनात किती दिवस फिरत होतं ते मलाच माहीत. माझा सगळा गुन्हाच तसा होता. डोक्यातला चुलतभाऊ वेगळा होता, माझी जमीन खाणारा, मुद्दाम नांगर दीड फूट आत घालणारा. समोरचा कसा होता ते मी कधी बघितलंच नव्हतं.

आत काय असतं ते ज्यांनी भोगलं नाही त्यांच्यासाठी लिहितो. उठायचं कधी, गिनतीला बसायचं कधी, जेवायचं कधी, दिवा कधी, सगळं दुसरा ठरवतो. माणूस काही ठरवतच नाही, आणि जो काही ठरवत नाही त्याला आपण काय केलं याची जबाबदारी पण वाटेनाशी होते. नशीब, वकील, पोलीस, साक्षीदार, सगळ्यांवर ढकलता येतं. वर्षानुवर्षं माणसं हेच करत बसतात, मीही दोन वर्षं केलं. कागदावर मात्र रेघ वाकडी गेली तर ती माझीच असते. तिथे साक्षीदार फोडता येत नाही. खोडून परत काढावी लागते, आणि खोडलेलं कागदावर दिसत राहतं.

दीड-दोन वर्षांनी गुरुजींनी काम दिलं, आठवणीतून एक चेहरा काढा, कोणाचाही. मी वडिलांचा काढायला बसलो. आमच्या घराण्यात नाक सगळ्यांचं सारखं, मधे थोडं बसकं. वडिलांचं नाक काढलं, कपाळ काढलं आणि हनुवटीवर आलो तर हाताने आपोआप ती खोच काढली जी वडिलांना नाही, चुलतभावाला होती. लहानपणी विहिरीच्या धक्क्यावर पडला होता, मीच त्याला खांद्यावर घेऊन घरी आणला होता, मी अकरा वर्षांचा, तो नऊ. हे मी पूर्ण विसरलो होतो. कोर्टात केस चालली तेव्हा त्याचं नाव सारखं ऐकत होतो, मयत, मयत म्हणून, आणि तो खांद्यावर रडत होता हे मला त्या गुरुवारी आठवलं. डोळे काढता येईनात मला. आठ गुरुवार गेले त्या डोळ्यांना. गुरुजींनी एकदाही विचारलं नाही हा कोण म्हणून.

त्यानंतर मी बदललो असं एका ओळीत लिहिता येतं पण तसं नसतं. झोप उडाली आधी. बराकीत कोणाशी बोलेना. मग हळूहळू भांडणं कमी झाली, माझ्या नावावर दोन वेळा शिक्षा लागली होती आत, त्यानंतर एकदाही नाही, तुमच्या रजिस्टरला असेल. सुटून आल्यावर चौथ्या दिवशी मी तो कागद घेऊन चुलतीच्या दारात गेलो. तिने कागद घेतला, बराच वेळ बघितला आणि दार लावून घेतलं. तिने मला माफ केलं असं मी म्हणणार नाही, मला तो अधिकारच नाही. दीड फुटाचा बांध मात्र मी सोडला, मोजणी आणून कागदावर सोडला, आणि आज तिचा नातू तिथून ट्रॅक्टर वळवतो.

आता साहेब, याला तुमच्या लेटरमध्ये करमणूक म्हटलंय म्हणे.

तिथेच माझं पहिलं गाऱ्हाणं आहे. ऑर्केस्ट्रा येतो, भजनाची स्पर्धा होते, पंधरा ऑगस्टला नाटुकली होते, चांगलंच आहे, मी स्वतः टाळ वाजवलाय. पण तो कार्यक्रम असतो, झाला की संपतो. दर आठवड्याला तोच माणूस त्याच वेळेला येतो आणि मागच्या वेळचं तुमचं अर्धवट काम उघडून समोर ठेवतो, ते शिक्षण असतं. आणि करमणूक म्हटलं तरी ती फालतू नाही. कैद्यांना कसं वागवावं याचे संयुक्त राष्ट्रांचे जे नियम २०१५ ला मंजूर झाले, ज्यांना नेल्सन मंडेलांचं नाव दिलंय, त्यातला १०५ वा नियम हाच आहे की मनाच्या आणि शरीराच्या तब्येतीसाठी सगळ्या जेलात करमणुकीचे आणि सांस्कृतिक कार्यक्रम असले पाहिजेत. सगळ्या जेलात. माणसं शिल्लक राहिली तर, असं त्यात लिहिलेलं नाही.

सुरक्षेचं बोलू. मी दीड वर्ष सुतारकामाला होतो. करवत, पटाशी, रंधा, हातोडी, हे सगळं रोज सकाळी मोजून देतात आणि संध्याकाळी मोजून घेतात, आणि ते बरोबरच आहे. जिथे शंभर माणसांच्या हातात पटाशी देता येते तिथे पंधरा जणांच्या हातात सहा नंबरचा ब्रश देता येत नाही हे मला पटत नाही. आमच्याकडे पेन्सिलीला टोक करायला ब्लेड कधीच नव्हतं, आम्ही फरशीवर घासून टोक काढायचो. रंग संपले की चहाच्या पाण्यात काढायचो, स्वयंपाकघरातली हळद, मैदानातला गेरू, कोळसा. कागद नसला की चार्जशीटची पाठकोरी पानं. माझ्या गुन्ह्याच्या पंचनाम्याच्या मागे मी बाभळीचं झाड काढलंय, अजून घरी आहे. चार वर्षांत त्या वर्गात एक मारामारी नाही, झडतीत एक वस्तू सापडली नाही. तरी काही घडलं असेल माझ्यामागे तर सांगा ना, लेखी सांगा, मी गप्प बसेन.

माणसं कमी आहेत हे मात्र खरं आहे आणि त्यावर मी हुज्जत घालणार नाही. गार्डची ड्युटी मी जवळून बघितली आहे, त्यांची पोरं पण बापाला दिवसा बघत नाहीत. वर्गावर जे वॉर्डर असायचे ते आधी दारात खुर्ची टाकून पेपर वाचायचे. वर्षभराने खुर्ची आत आली. मग एकदा मला हळूच म्हणाले, पोराला शाळेत हत्ती काढायला सांगितलाय, सोंड कशी काढायची. मी दाखवली. त्यांनी ती तळहातावर पेनने काढून घेतली, घरी जाईपर्यंत विसरायला नको म्हणून. आठवड्यातले दोन तास आणि एक गार्ड, इतकंच लागतं. शंभर ठिकाणची ओढाताण हा वर्ग बंद करून सुटणार नाही.

गुरुजींचं जे झालं ते मला सगळ्यात जास्त लागलं. त्यांना कोणी कळवलं नाही. नेहमीप्रमाणे ते गुरुवारी आले, दीड तास गेटबाहेर उभे राहिले, आणि मग आतून निरोप आला की नको. बहात्तर वर्षांचा माणूस. मी त्यांच्या घरी गेलो तेव्हा त्यांनी एक शब्द वाईट काढला नाही तुमच्याबद्दल. फक्त म्हणाले, त्या नवीन मुलाचं सावलीचं काम अर्धं राहिलं.

आणि काही गाऱ्हाणी या बंदच्या आधीची आहेत, तीही लिहून टाकतो, एकदा लिहायला बसलोच आहे तर.

वर्ग फक्त पक्क्या, म्हणजे शिक्षा लागलेल्या कैद्यांसाठी होता. कच्च्यांना नाही, कारण काय तर त्यांचा उद्या जामीन होईल. आमच्या बाजूच्या बराकीत एक एकोणीस वर्षांचा पोरगा होता, मोबाईल चोरीचा, दर गुरुवारी खिडकीच्या गजाला धरून बघत उभा राहायचा. त्याचा उद्या तीन वर्षं आलाच नाही. सरकारचेच आकडे आहेत, २०२२ च्या अखेरीला देशातल्या जेलात ५ लाख ७३ हजार माणसं होती आणि त्यातली शंभरातली पंच्याहत्तरपेक्षा जास्त कच्ची होती, म्हणजे ज्यांचा निकालच लागलेला नाही. कायद्याने जे अजून गुन्हेगारच नाहीत त्यांनाच सुधारणेतून वगळायचं. त्यांना सुतारकाम नाही, वर्ग नाही, दिवसभर बसून राहायचं आणि जुन्या लोकांकडून नको ते शिकायचं.

बायकांच्या बराकीत वर्ग कधी झालाच नाही. गुरुजींनी दोनदा विचारलं होतं. त्यांना वर्षातून दोन वेळा रांगोळी आणि मेंदीची स्पर्धा. ज्या बाईने आयुष्यभर दुसऱ्यांच्या दारात रांगोळी काढली तिला कागदावर आपलं घर काढावंसं वाटत असेल हे कोणाच्या डोक्यात आलं नाही.

माझं एक चित्र दिवाळीच्या मेळाव्यात विकलं गेलं, कारागृहात बनवलेलं असं लेबल लावून, सतरंज्या आणि खुर्च्यांच्या शेजारी. किती रुपयांना ते कळलं नाही, कोणी घेतलं ते कळलं नाही. पैशाचं दुःख नाही. पण खुर्ची मापाप्रमाणे बनते, ती कोणीही केली तरी तशीच होते. चित्र तसं नसतं. खाली नाव नको असेल तर नको, निदान ज्याने काढलं त्याला सांगा तरी.

आणि सुटताना माझ्या तीन वह्यांपैकी एकच बाहेर आली. दोन गेटवर ठेवून घेतल्या, आतल्या भिंती आणि दरवाजे काढलेत म्हणून. दरवाजा होता तो, पण स्वयंपाकघराचा. त्या वह्या कुठे आहेत, आहेत की नाहीत, हे सहा वर्षं विचारतोय.

असं काही नवीन मागतोय असं समजू नका. माझ्या घरापासून जवळ आटपाडीला स्वतंत्रपूर आहे, तुमचीच वसाहत. १९३९ साली औंधच्या राजेसाहेबांनी, बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी, खुनाच्या शिक्षेच्या कैद्यांना बेड्यांशिवाय, भिंतीशिवाय शेतीवर ठेवलं. मॉरिस फ्रीडमन नावाचे पोलंडचे इंजिनियर होते त्यांच्यासोबत, त्यांची ती कल्पना. व्ही. शांतारामबापूंनी त्यावरूनच १९५७ ला 'दो आँखें बारह हाथ' पिक्चर काढला ते सगळ्यांना माहीत आहे. पण जे कमी लोकांना माहीत आहे ते हे, की हा राजा स्वतः चित्रकार होता. रामायणावर चित्रं काढली त्यांनी, आणि औंधला मूळपीठाच्या डोंगरावर चित्रांचं संग्रहालय बांधलं, ते १९३८ चं. मी सुटल्यावर पोरीला घेऊन दोन्हीकडे गेलो. एकाच माणसाने एका वर्षाच्या अंतराने चित्रांसाठी इमारत बांधली आणि कैद्यांसाठी भिंती काढून टाकल्या. मला नाही वाटत हा योगायोग आहे. ज्याला माणसाचा चेहरा काढायची सवय असते त्याला तो चेहरा नुसता नंबर म्हणून बघता येत नसणार.

येरवड्याला २०२१ ला लोकांना जेल बघायला सोडायला सुरुवात केली, गांधीजींची आणि टिळकांची खोली दाखवायला लागले. दाखवाच. पण या मोठ्या माणसांनी आत काय केलं ते पण बघा की. धुळ्याच्या जेलात १९३२ ला विनोबा दर रविवारी बाकीच्या कैद्यांसमोर गीतेवर बोलायचे आणि साने गुरुजी उतरवून घ्यायचे. पुढच्याच वर्षी साने गुरुजींनी नाशिकच्या जेलात पाच दिवसांत ते आईवरचं पुस्तक लिहिलं जे आपण सगळ्यांनी रडत रडत वाचलं. इंग्रजाच्या जेलात आठवड्यातला एक रविवार मिळत होता. आम्ही एक गुरुवार मागतोय. ते देशासाठी गेले होते आणि आम्ही पाप करून, हे मी विसरलेलो नाही. पण मग गरज कोणाला जास्त आहे?

कोलकात्याला प्रेसिडेन्सी जेलात २००७ पासून अलकनंदा रॉय या नृत्यांगनेने कैद्यांना घेऊन टागोरांचं वाल्मिकीवरचं गीतनाट्य बसवलं. दरोडेखोराचा कवी होतो ती गोष्ट, आणि काम करणारे खरे कैदी. जेलबाहेरच्या थिएटरात जाऊन प्रयोग केले त्यांनी, तिकडच्या जेल खात्याने नेलं त्यांना. त्यात वाल्मिकी झालेला नायजेल अकारा सुटून आला आणि आज बंगालीत नट आहे. स्कॉटलंडला ग्लासगोच्या जेलात जिमी बॉयल म्हणून खुनाच्या जन्मठेपेचा कैदी होता, कोणाच्या आवाक्यात येईना, गार्डवर हल्ले करायचा. १९७३ ला तिथे एक वेगळा छोटा विभाग काढला, तिथे त्याच्या हातात मातीचा गोळा दिला आणि तो शिल्पकार झाला. गुरुजींनी ही गोष्ट आम्हाला तांब्या समोर ठेवून सांगितली होती. इंग्लंडमध्ये आर्थर कोसलर या लेखकाने, जो स्वतः स्पेनमध्ये फाशीच्या कोठडीत राहून आला होता, १९६२ ला कैद्यांच्या कलेसाठी बक्षिसं सुरू केली, ती आजही चालू आहेत, दर वर्षी प्रदर्शन भरतं. आणि कॅलिफोर्नियाने तर तुम्ही केलं तेच करून बघितलं. तिथल्या राज्यभरच्या जेलांत कलेचे वर्ग होते, २०१० ला पैसे नाहीत म्हणून बंद केले, आणि तीन-चार वर्षांतच परत सुरू करावे लागले.

लोक म्हणतील, ज्याचा माणूस गेला त्याच्या घरच्यांनी काय करायचं, इकडे खुनी रंग खेळणार. हा प्रश्न मला बाहेरच्या कोणी नाही, माझ्या सख्ख्या चुलतीनेच विचारला होता, दार लावायच्या आधी. माझ्याकडे उत्तर नव्हतं, आजही पूर्ण नाही. एवढंच सांगता येतं की मी तिच्या पोराकडे शेवटी नीट बघितलं ते त्या वर्गात, आणि वर्ग नसता तर मी डोक्यातला तोच जुना दुश्मन घेऊन बाहेर आलो असतो आणि बांध अजून दीड फूट आत सरकवला असता. आपण वाल्याचा वाल्मिकी झाला म्हणून सांगतो, रांजण भरून खडे मोजतो, पण वाल्याला नारद भेटला होता. रानात भेटला. त्याला कोणी गेटवरून परत पाठवलं नव्हतं.

खर्चाचं म्हणाल तर मी दोन्ही वेळचे मिळून वर्षाला पाच-साडेपाच हजारांचे रंग-कागद देत होतो, पंधरा माणसांना वर्षभर पुरायचे. मी पाट्या रंगवतो, झेडपीच्या शाळांच्या बोलक्या भिंती करतो, त्यातून देतो. सरकारी तिजोरीतून एक पैसा मागत नाही.

मागणं काय ते सरळ लिहितो.

वर्ग परत सुरू करा, दर गुरुवारी, आणि गुरुजींना लेखी बोलवा. त्यांची माफी मागा असं मी म्हणत नाही, पण एक चांगलं पत्र पाठवा त्यांना.

बंद करायचं लेटर दाखवा, त्यातलं कारण सगळ्यांना कळू द्या. आणि पुढे कुठल्याही जेलात असा वर्ग बंद करायचा असेल तर एका सहीने नको, आधी शिकवणाऱ्याला आणि शिकणाऱ्यांना विचारा.

कच्च्या कैद्यांना आणि बायकांच्या बराकीला वर्गात घ्या. जागा नसेल तर दिवस वेगळा ठेवा.

सरकारची एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटची ड्रॉइंग परीक्षा, जी शाळेतली पोरं देतात, ती आत देता यावी अशी सोय करा, कला संचालनालयाशी तुम्ही बोललात तर होईल. मुक्त विद्यापीठाची परीक्षा पास झालं की शिक्षेत माफी मिळते, तशी थोडी याला पण द्या. माफीसाठी येतील लोक, येऊ द्या. मी पण दोन तास सुटका म्हणूनच आलो होतो.

ज्याचं चित्र त्याला सुटताना घेऊन जाऊ द्या. विकलं तर त्याला सांगा, आणि त्याचा वाटा त्याच्या खात्यावर टाका. वह्या तपासा, हरकत असेल ते पान फाडून घ्या, पण बाकीची वही द्या. माझ्या दोन वह्या शोधा.

आणि ती भिंत. ती परत आम्हाला द्या. बाहेर असलेल्या सात जणांपैकी पाच जणांशी माझं बोलणं झालंय, ते तयार आहेत, आतले चौघं आहेतच. रविवारी येऊ, मुलाकात नसेल त्या दिवशी येऊ, तुम्ही म्हणाल त्या वेळेला येऊन जाऊ. रंग आमचा. पोलीस पडताळणी लागेल ती करा.

आपण म्हणाल हा माणूस फार बोलला. पण गेटवर सुधारणा व पुनर्वसन असा बोर्ड तुम्हीच लावलाय, मी तो आत जाताना वाचला नव्हता, बाहेर येताना वाचला, आणि मला तेव्हा वाटलं की हे खरं आहे. माझ्यापुरतं ते खरं झालं होतं.

हाच मजकूर अर्ज म्हणून उद्या रजिस्टर पोस्टाने पाठवतोय, तिसऱ्यांदा. जूनमध्ये परत आणलेला डबा घरात तसाच ठेवलाय, त्यात बारा शिशा आहेत, हिरवा दोन जादा घेतला होता माळासाठी. पोस्टर कलर फार दिवस ठेवले की आत वाळून जातात, तेवढ्या आधी उत्तर द्या.

आपला,
एक माजी बंदी, माणदेश